हाड जुळलंच नाही, ते कोडमध्ये कसं लिहायचं : रेडियस-अल्नाच्या नॉनयुनियनचं कोडिंग नव्यांसाठी

पुण्यात मेडिकल कोडिंगच्या, म्हणजे रुग्णाचं निदान आणि उपचार विम्याच्या बिलासाठी कोडमध्ये लिहिण्याच्या, नोकरीला लागून मला जेमतेम दोन महिने झाले होते. समोर अमेरिकेतल्या एका ऑर्थोपेडिक सर्जनच्या रुग्णाचा चार्ट, म्हणजे उपचारांच्या नोंदी होत्या. उजव्या हाताच्या अल्नाचं (कोपर ते मनगट या भागातल्या दोन हाडांपैकी एकाचं) ऑपरेशन, जुनी प्लेट काढली, कमरेच्या हाडातून ग्राफ्ट, म्हणजे लावण्यासाठी हाडाचा तुकडा, घेतला, नवी प्लेट बसवली. मी फ्रॅक्चरचा कोड शोधला, शेवटी ‘ए’ लावला आणि पुढचा चार्ट उघडला. संध्याकाळी क्यूएच्या, म्हणजे आमचं काम तपासणाऱ्या, ताई खुर्ची ओढून शेजारी बसल्या आणि म्हणाल्या, “हा माणूस परत पडला का गं?”

तो परत पडला नव्हता. तो वर्षभरापूर्वी पडला होता. एक ऑपरेशन झालं, महिनोन्‌महिने हात गळ्यात अडकवून ठेवला, तरी हाड जुळलं नाही, म्हणून हे दुसरं ऑपरेशन. माझ्या ‘ए’चा अर्थ होता : ताजं फ्रॅक्चर, पहिले उपचार चालू. त्या एका अक्षरानं त्याचं अख्खं वर्ष नोंदीतून पुसलं गेलं होतं. विमा कंपनीनं तो क्लेम पाहिला असता तर सरळ विचारलं असतं, ताज्या फ्रॅक्चरला नॉनयुनियनचं, म्हणजे न जुळलेल्या हाडाचं, ऑपरेशन कशाला?

तेव्हापासून नव्या मुलामुलींना शिकवताना मी हाच विषय आधी घेते. कोडिंगचे बरेच नियम या एका दुखण्यात एकत्र येतात.

कामाला लागण्याआधी दोन गोष्टी. इथे सगळे कोड देवनागरीत लिहिले आहेत. सॉफ्टवेअरमध्ये टाकताना अर्थातच रोमन अक्षरं आणि अंक वापरायचे. आणि हे सगळं अमेरिकेच्या आयसीडी-१०-सीएम या निदानांच्या कोडपद्धतीबद्दल आहे. ती १ ऑक्टोबर २०१५ पासून तिथे लागू आहे आणि दर १ ऑक्टोबरला तिची नवी आवृत्ती येते. आपल्याकडची बरीच रुग्णालयं जागतिक आरोग्य संघटनेची मूळ आयसीडी-१० वापरतात. तिच्यात नॉनयुनियनला एम८४.१ असा वेगळा कोड आहे. सीएममध्ये तो नाही. भारतातल्या रुग्णालयाच्या मेडिकल रेकॉर्ड विभागातून आलेली मुलं हमखास एम८४.१ शोधतात आणि सॉफ्टवेअर घेत नाही म्हणून गोंधळतात. जुन्या आयसीडी-९-सीएमच्या नोट्स हाती आल्या तर त्यात ७३३.८२ दिसेल. नॉनयुनियन कुठल्याही हाडाचं असो, एकच कोड. तोही आता इतिहासजमा झाला. सीएममध्ये नॉनयुनियन हा वेगळा आजार धरला जात नाही. ती मूळ फ्रॅक्चरचीच पुढची अवस्था, म्हणून मूळ फ्रॅक्चरचाच कोड घ्यायचा आणि त्याचं सातवं, म्हणजे शेवटचं, अक्षर बदलायचं. इंडेक्समध्ये ‘नॉनयुनियन, फ्रॅक्चर’ शोधलंत तरी तो तुम्हाला ‘फ्रॅक्चर, जागेनुसार’ इकडेच पाठवतो.

पायरी १ : आधी स्वतःचा हात बघा

कोपर टेबलावर टेकवा आणि तळहात वर करा, देवळात तीर्थ घेताना करतो तसा. आता तळहात खाली करा. पहिली हालचाल सुपिनेशन, दुसरी प्रोनेशन. करंगळीच्या बाजूचं हाड म्हणजे अल्ना. ते जवळजवळ जागेवर राहतं. अंगठ्याच्या बाजूचं रेडियस त्याच्याभोवती फिरतं. म्हणजे ही दोन हाडं मिळून एखाद्या सांध्यासारखं काम करतात. म्हणूनच मोठ्या माणसाच्या या हाडांच्या मधल्या भागाचं फ्रॅक्चर सरकलं असेल तर सर्जन सहसा प्लेट घालतात. आणि म्हणूनच एक हाड जुळलं, दुसरं राहिलं, तरी माणसाला कुलपात किल्ली फिरवणं अवघड होतं.

ही शरीररचना सांगायचं कारण असं की चार्टमध्ये ‘फोरआर्म (कोपर ते मनगट) फ्रॅक्चर’ एवढंच लिहिलेलं पुष्कळदा सापडतं. तेवढ्यावर एस५२.९ या गटातला मोघम कोड लावून मोकळं होण्याचा मोह होतो. एक्स-रेचा अहवाल, ऑपरेशनची नोट, पहिल्या भेटीची नोट उघडा. कुठलं हाड, ते बहुतेक वेळा कुठेतरी लिहिलेलं असतंच.

पायरी २ : डॉक्टरांनी नेमका कोणता शब्द लिहिलाय?

तीन शब्द आहेत आणि तिघांचे कोड वेगळे. डिलेड हीलिंग किंवा डिलेड युनियन म्हणजे जुळतंय पण रेंगाळतंय. नॉनयुनियन म्हणजे जुळण्याची क्रियाच थांबली. मालयुनियन म्हणजे जुळलं, पण वाकडं. नॉनयुनियन आणि मालयुनियन हे शब्द घाईत वाचले तर डोळ्यांना सारखेच भासतात, म्हणून तिथे थोडं थांबा. स्यूडोआर्थ्रोसिस हा शब्द दिसला तर तो फ्रॅक्चरच्या संदर्भात नॉनयुनियनच समजायचा. सांधा गोठवण्याच्या ऑपरेशननंतर हाड धरलं नाही तर त्यालाही स्यूडोआर्थ्रोसिस म्हणतात, पण त्याचा कोड एम९६.० आहे. तो इथे लावू नका.

अमेरिकेच्या एफडीएची, म्हणजे तिथल्या औषध आणि उपकरणं नियंत्रित करणाऱ्या संस्थेची, जुनी व्याख्या तुमच्या वाचनात येईल : दुखापतीला किमान ९ महिने उलटले आणि शेवटचे ३ महिने जुळण्याची काहीच प्रगती दिसली नाही, तर नॉनयुनियन. ही व्याख्या माहीत असावी, पण तिच्यावरून निदान करायचं नाही. कॅलेंडरवर महिने मोजून, एक्स-रेच्या अहवालातली ‘फटीची रेषा अजून दिसते आहे’ ही ओळ वाचून आपण नॉनयुनियन ठरवू शकत नाही. ते डॉक्टरांनी म्हणायला हवं. त्यांनी ९ महिन्यांच्या आतच नॉनयुनियन लिहिलं असेल तर तेही मान्य करायचं. निदान त्यांचं, नोंद आपली.

‘पॉसिबल नॉनयुनियन’, ‘कन्सर्न फॉर नॉनयुनियन’, ‘रूल आउट’ अशा शब्दांत अडकलेलं निदान बाह्यरुग्ण भेटीत कोड करता येत नाही. तिथे डॉक्टरांना क्वेरी, म्हणजे खुलासा मागणारा प्रश्न, पाठवा, आणि तिच्यात उत्तर सुचवू नका. ‘हे नॉनयुनियन आहे ना?’ असा प्रश्न टाकलात तर ती क्वेरी नियमात बसत नाही. मी नव्यांना असा साचा देते : “अमुक तारखेच्या नोटमध्ये अल्नाच्या फ्रॅक्चरच्या जागी वेदना, आणि एक्स-रेमध्ये जुळण्याची प्रगती नाही असं नमूद आहे. कृपया फ्रॅक्चरची सध्याची स्थिती स्पष्ट करावी : अपेक्षेप्रमाणे जुळत आहे, उशिरा जुळत आहे, नॉनयुनियन, मालयुनियन, अन्य, किंवा सांगता येत नाही.” सगळे पर्याय समोर, कल कुठेच नाही.

हायपरट्रॉफिक, अॅट्रॉफिक, ऑलिगोट्रॉफिक असे प्रकार सर्जन लिहितात. हायपरट्रॉफिकमध्ये रक्तपुरवठा चांगला असतो, पण जागा हलत राहते, म्हणून टोकांना भरपूर नवं हाड तयार होऊनही ते सांधत नाही. अॅट्रॉफिकमध्ये टोकं निर्जीवशी होतात, म्हणून ग्राफ्ट लागतो. निदानाच्या कोडमध्ये या भेदाला जागा नाही. मात्र ऑपरेशनची नोट समजून घ्यायला त्याचा फार उपयोग होतो.

पायरी ३ : हाड, जागा, आकार, बाजू

एस५२ च्या आत भाग असे आहेत : एस५२.० अल्नाचं कोपराकडचं टोक, एस५२.१ रेडियसचं कोपराकडचं टोक, एस५२.२ अल्नाचा मधला दांडा, एस५२.३ रेडियसचा मधला दांडा, एस५२.५ रेडियसचं मनगटाकडचं टोक, एस५२.६ अल्नाचं मनगटाकडचं टोक. एस५२.४ नाही, शोधत बसू नका.

दांड्याच्या फ्रॅक्चरला पुढे आकार विचारला जातो : आडवं, तिरकं, पिळाचं, चुरा झालेलं वगैरे. मग सरकलं की नाही, आणि कुठला हात. उदाहरणार्थ एस५२.२२१ म्हणजे उजव्या अल्नाच्या दांड्याचं सरकलेलं आडवं फ्रॅक्चर, एस५२.२२२ डाव्याचं. रेडियसला तेच एस५२.३२१ आणि एस५२.३२२. मोंतेजिया हे नाव दिसलं तर एस५२.२७, गालेआत्सी दिसलं तर एस५२.३७, कोलीस दिसलं तर एस५२.५३. पहिल्या दोघांत जवळचा सांधाही निखळलेला असतो.

नॉनयुनियनच्या चार्टमध्ये एक अडचण नेहमी येते. वर्षभरानंतरच्या नोटमध्ये मूळ फ्रॅक्चर आडवं होतं की तिरकं हे कुणी लिहीत नाही. जुनी नोट उपलब्ध असेल आणि तुमच्या क्लायंटचे नियम ती वापरू देत असतील तर तिथून घ्या. नसेल तर आकार न सांगणारा कोड घ्या : उजव्या अल्नाच्या दांड्यासाठी एस५२.२०१, रेडियससाठी एस५२.३०१. अंदाजानं ‘आडवं’ लिहिण्यापेक्षा हे शंभर पटीनं बरं. बाजू मात्र कधीही मोघम ठेवू नका. ज्या हातात प्लेट घातली तो उजवा की डावा, हे ऑपरेशनच्या नोटमध्ये सापडतंच.

दोन नियम पाठ असू द्या. उघडं (म्हणजे कातडी फाटून जखम झालेलं) की बंद हे लिहिलं नसेल तर बंद धरायचं. सरकलं की नाही हे लिहिलं नसेल तर सरकलेलं धरायचं. आणि दोन्ही हाडं मोडली असतील तर दोघांना मिळून एक कोड नाही, प्रत्येकाचा वेगळा.

मनगटाबद्दल जाता जाता : स्कॅफॉइडचं नॉनयुनियन हे फार वेळा येणारं दुखणं आहे, पण ते हाड मनगटातलं. त्याचं घर एस६२. रुग्ण ‘हात’ म्हणतो, नोटमध्ये ‘रिस्ट’ येतं, आणि घाईत ते एस५२ मध्ये जाऊन पडतं.

पायरी ४ : सातवं अक्षर

इथे घाई करू नका. निम्म्याहून अधिक चुका मी इथेच पाहिल्या आहेत.

स्वतःला दोनच प्रश्न विचारा. पहिला : हाड मोडलं त्या दिवशी जखम उघडी होती का, आणि असेल तर किती? दुसरा : आज हाड कुठल्या अवस्थेत आहे? पहिल्या प्रश्नाचं उत्तर आयुष्यभर बदलत नाही. जखम केव्हाच भरली, कातडीवर फक्त व्रण उरला, तरी ते फ्रॅक्चर उघडंच मोजायचं. दुसऱ्याचं उत्तर प्रत्येक भेटीत बदलू शकतं.

उघड्या जखमेची मोजणी गुस्टिलो-अँडरसन वर्गवारीनं होते. ती १९७६ मध्ये मांडली गेली आणि तिसऱ्या प्रकाराचे ए, बी, सी हे पोटभाग १९८४ मध्ये आले. प्रकार १ म्हणजे एक सेंटिमीटरपेक्षा लहान, स्वच्छ जखम. प्रकार २ त्याहून मोठी, पण मांसाची फार नासधूस नाही. प्रकार ३ म्हणजे मोठ्या जोराचा मार : ३ए मध्ये हाड झाकण्यापुरतं मांस शिल्लक असतं, ३बी मध्ये दुसरीकडून मांस आणून झाकावं लागतं, ३सी मध्ये रक्तवाहिनी तुटलेली असते आणि ती जोडावी लागते. ही वर्गवारी सातव्या अक्षरात फक्त तीन ठिकाणी येते : एस५२ म्हणजे कोपर ते मनगट, एस७२ म्हणजे मांडीचं हाड, एस८२ म्हणजे गुडघ्याखालचा पाय. दंडाच्या हाडाचं कोडिंग शिकून इकडे आलात तर ही अक्षरं नवी वाटतील.

आता अक्षरं तीन-तीनच्या ओळीत लिहा. प्रत्येक ओळीत पहिलं अक्षर बंद फ्रॅक्चरचं, दुसरं उघड्या प्रकार १ किंवा २ चं, तिसरं उघड्या प्रकार ३ चं.

- चालू उपचार, पहिला टप्पा : ए, बी, सी
- नंतरच्या भेटी, नीट जुळतंय : डी, ई, एफ
- नंतरच्या भेटी, उशिरा जुळतंय : जी, एच, जे
- नंतरच्या भेटी, नॉनयुनियन : के, एम, एन
- नंतरच्या भेटी, मालयुनियन : पी, क्यू, आर
- मागे राहिलेला परिणाम : एस

आय, एल, ओ ही अक्षरं गाळलेली आहेत, म्हणून एचनंतर जे आणि केनंतर एम येतं. हा तक्ता एकदा हातानं वहीत लिहिलात की सॉफ्टवेअर उघडायच्या आधीच उत्तर डोळ्यासमोर येतं.

माझी चूक नेमकी काय होती, ते आता दिसेल. ‘ऑपरेशन म्हणजे सक्रिय उपचार, सक्रिय उपचार म्हणजे ए’ असा हिशेब मी केला होता. साध्या दुखापतीला तो लागू होतो. पण अधिकृत मार्गदर्शक तत्त्वांच्या १९व्या प्रकरणात स्पष्ट लिहिलंय की मालयुनियन आणि नॉनयुनियनसारख्या गुंतागुंतीवरचे उपचार नंतरच्या भेटीच्या अक्षरानं नोंदवायचे : नॉनयुनियनला के, एम, एन, आणि मालयुनियनला पी, क्यू, आर. ऑपरेशन कितीही मोठं असो, सर्जन नवा असो, रुग्णालय दुसरं असो, अक्षर तेच. सातवं अक्षर डॉक्टर बदलला की बदलत नाही.

याला अपवाद एकच आहे आणि तो त्याच तत्त्वांमध्ये दिलाय. रुग्णानं फ्रॅक्चरवर किंवा नॉनयुनियनवर उपचार घ्यायलाच उशीर केला असेल तर पहिल्या टप्प्याचं अक्षर, म्हणजे ए, बी किंवा सी. आपल्याकडे गावात हाड मोडलं की बांबूच्या पट्ट्या बांधून महिनाभर काढतात आणि मग शहर गाठतात. अमेरिकेत विमा नाही म्हणून माणूस घरीच बसतो. कोडिंगच्या दृष्टीनं दोघं सारखे : याआधी डॉक्टरांकडे कुणी गेलंच नव्हतं, ही पहिली भेट. म्हणून ‘मागचे उपचार’ हा भाग वाचल्याशिवाय सातवं अक्षर टाकू नका.

एस या अक्षराचा मोहही टाळा. मागे राहिलेला परिणाम म्हणजे हाड जुळलं, पण मनगट आखडून राहिलं, असं काही. तेव्हा आधी आखडण्याचा कोड आणि मग फ्रॅक्चरचा कोड एस लावून. हाड जुळलंच नसेल तर ते दुखणं अजून संपलेलं नाही, मग त्याचा परिणाम कसला नोंदवणार? तसंच झेड४७ सारखे आफ्टरकेअरचे, म्हणजे उपचारांनंतरच्या देखभालीचे, कोड इथे चालत नाहीत. फ्रॅक्चरच्या कोडमधलं सातवं अक्षर ते काम करतं.

कोड सहा अक्षरांपेक्षा लहान असेल तर मध्ये एक्स भरायला विसरू नका. एस५२.९१ ला सातवं अक्षर लावताना एस५२.९१एक्सके असं होतं.

पायरी ५ : हे फ्रॅक्चर खरंच एस५२ चं आहे का?

सत्तरीच्या बाई घरात पाय घसरून पडल्या, मनगटाजवळ हाड मोडलं, आणि चार्टमध्ये ऑस्टिओपोरोसिसचं निदान आहे. धडधाकट हाड अशा पडण्यानं मोडलं नसतं, तर नियम सांगतो की हे दुखापतीचं फ्रॅक्चर नव्हे. कोड एम८० मधला. वयामुळे आलेल्या ऑस्टिओपोरोसिससह उजव्या फोरआर्मच्या फ्रॅक्चरला एम८०.०३१. नॉनयुनियन झालं तर त्यालाही के. एम८० मध्ये उघडं-बंदचा भेद नाही, त्यामुळे एम आणि एन तिथे मिळत नाहीत. गाठीमुळे किंवा अन्य आजारानं हाड मोडलं असेल तर एम८४ मधले वेगळे गट बघा.

लहान मुलांत हाडाच्या वाढीच्या पट्टीतून फ्रॅक्चर गेलं असेल तर एस५९. मुलांची हाडं बहुतेक छान जुळतात, म्हणून हा प्रसंग क्वचितच येईल.

अल्नाच्या स्टायलॉइडचं नॉनयुनियन मात्र वारंवार दिसेल. मनगटाच्या फ्रॅक्चरनंतर अल्नाच्या टोकाचा तो छोटा तुकडा पुष्कळांचा जुळत नाही आणि पुष्कळांना त्याचा त्रासही होत नाही. एक्स-रेच्या अहवालात ती ओळ दिसली म्हणून लगेच एस५२.६११के लावू नका. डॉक्टरांनी त्याची दखल घेतली आहे का, ते बघा.

पायरी ६ : प्लेट तुटली, जंतुसंसर्ग झाला

हाड हलत राहिलं की धातूवर ताण येतो आणि महिन्यांनी प्लेट किंवा स्क्रू मोडतो. ही धातूची गुंतागुंत, तिचा स्वतंत्र कोड : उजव्या फोरआर्मचं उपकरण मोडलं तर टी८४.११२, डाव्याचं टी८४.११३. सरकलं तर टी८४.१२२ आणि टी८४.१२३. जंतुसंसर्ग असेल तर हाडानुसार : उजवं रेडियस टी८४.६१२, डावं रेडियस टी८४.६१३, उजवी अल्ना टी८४.६१४, डावी अल्ना टी८४.६१५. सोबत जंतूचा कोड बी९५ ते बी९७ मधून.

इथे नवा कोडर पुन्हा अडखळतो. गुंतागुंतीच्या कोडमध्ये सक्रिय उपचार म्हणजे त्या गुंतागुंतीवरचे उपचार, मूळ दुखापत जुनी असली तरी. त्यामुळे एकाच ऑपरेशनमध्ये फ्रॅक्चरच्या कोडला के आणि तुटलेल्या प्लेटच्या कोडला ए, हे दोन्ही एकाच वेळी बरोबर असतं. पहिल्यांदा बघताना ते विसंगत वाटतं, पण दोन अक्षरं दोन वेगळ्या गोष्टींबद्दल बोलत आहेत.

तंबाखू आणि मधुमेह चार्टमध्ये असतील तर सोडू नका. धूम्रपानानं हाड जुळायला अडथळा येतो, आणि विमा कंपनीकडे महागड्या उपचारांची मंजुरी मागताना हे कोड उपयोगी पडतात. सिगारेटच्या व्यसनाला एफ१७.२१०, तोंडात ठेवण्याच्या तंबाखूला एफ१७.२२०.

पायरी ७ : ऑपरेशनचा कोड

सर्जनच्या बिलासाठी सीपीटी, म्हणजे केलेल्या उपचारांचे कोड. ताज्या फ्रॅक्चरचे कोड, उदाहरणार्थ दोन्ही हाडांना प्लेट घालण्याचा २५५७५, इथे चालत नाहीत. नॉनयुनियनचं छोटं कुटुंब असं आहे :

- २५४०० : रेडियस किंवा अल्ना, ग्राफ्टशिवाय
- २५४०५ : रेडियस किंवा अल्ना, रुग्णाच्याच हाडाच्या ग्राफ्टसह
- २५४१५ : रेडियस आणि अल्ना, ग्राफ्टशिवाय
- २५४२० : रेडियस आणि अल्ना, रुग्णाच्याच हाडाच्या ग्राफ्टसह

मालयुनियनची दुरुस्तीही याच वर्णनात येते. ‘किंवा’ आणि ‘आणि’ हे शब्द नीट वाचा. दोन्ही हाडांना ग्राफ्ट घातला तर २५४२० एकदाच, २५४०५ दोनदा नाही. हाडाचा तुकडाच गळून मोठी फट राहिली असेल आणि ती ग्राफ्टनं भरली असेल तर २५४२५ आणि २५४२६ ही जोडी बघा.

२५४०५ आणि २५४२० मध्ये ग्राफ्ट काढण्याचं काम धरलेलं आहे. कमरेच्या हाडावर वेगळा छेद घेतला तरी २०९०० किंवा २०९०२ वर जोडायचा नाही. जुनी प्लेट काढण्याचा २०६८० सुद्धा, त्याच जागी नवी दुरुस्ती करण्यासाठी प्लेट काढली असेल तर वेगळा मिळत नाही. ग्राफ्ट दात्याच्या हाडाचा असेल तर लक्षात ठेवा की २५४०५ चं वर्णन रुग्णाच्या स्वतःच्या हाडाबद्दल आहे.

रुग्णालयात भरती झालेल्या रुग्णाचं रुग्णालयाचं बिल आयसीडी-१०-पीसीएस या ऑपरेशनांच्या वेगळ्या कोडपद्धतीनं होतं आणि तिथे हिशेब उलटा. ग्राफ्ट दुसऱ्या जागेवरून काढला असेल तर तो सहसा स्वतंत्र कोड. सर्जनच्या बिलात एक ओळ आणि रुग्णालयाच्या बिलात दोन ओळी, तरी दोन्ही बरोबर. दोन्ही विभागांत काम केल्याशिवाय हे अंगवळणी पडत नाही.

बाजूसाठी आरटी (उजवी) किंवा एलटी (डावी) मॉडिफायर, म्हणजे कोडला मागे जोडायची खूण. या ऑपरेशनांचा ग्लोबल पीरियड, म्हणजे नंतरची नेहमीची देखभाल ऑपरेशनच्याच पैशांत धरली जाते तो काळ, ९० दिवसांचा आहे. संसर्ग झालेल्या नॉनयुनियनमध्ये आधी सफाई आणि काही आठवड्यांनी ग्राफ्ट, असं सर्जननं आधीच ठरवून लिहिलं असेल तर दुसऱ्या ऑपरेशनला ५८ हा मॉडिफायर. न ठरवता, गुंतागुंतीमुळे पुन्हा ऑपरेशन थिएटरमध्ये न्यावं लागलं तर ७८.

ऑपरेशनऐवजी विजेचं किंवा अल्ट्रासाउंडचं उपकरण दिलं असेल तर विजेच्या बाहेरून लावायच्या उपचाराला २०९७४, कमी तीव्रतेच्या अल्ट्रासाउंडला २०९७९. मेडिकेअर, म्हणजे अमेरिकेची सरकारी विमा योजना, इथे पुरावा मागते : उपचार सुरू करण्याआधी एक्स-रेचे किमान दोन संच, दोघांत किमान ९० दिवसांचं अंतर, प्रत्येकात एकापेक्षा जास्त बाजूंनी काढलेली चित्रं. आणि दोन संचांच्या मधल्या काळात हाड जुळलेलं नाही, हे त्यातून दिसलं पाहिजे. तारखा आधी मोजा. ८० दिवसांवर काढलेला दुसरा एक्स-रे असेल तर डॉक्टरांच्या ऑफिसला आत्ताच कळवा, क्लेम नाकारला गेल्यावर नव्हे. उशीर झाला की त्या माणसाला ते उपकरण तितकंच उशिरा मिळतं.

एक चार्ट शेवटपर्यंत

हा चार्ट मी शिकवण्यासाठी रचलेला आहे. ३८ वर्षांचा पुरुष, ११ महिन्यांपूर्वी शिडीवरून पडला. उजव्या हाताची दोन्ही हाडं मधोमध आडवी मोडली आणि सरकली. अल्नाचं टोक कातडीतून बाहेर आलं होतं, गुस्टिलो प्रकार २. रेडियस बंद. दोन्हींना प्लेटा घातल्या. आज सर्जन लिहितात : रेडियस अपेक्षेप्रमाणे जुळत आहे, अल्नाचं अॅट्रॉफिक नॉनयुनियन, अल्नाची प्लेट तुटलेली, संसर्ग नाही. ऑपरेशन : तुटलेली प्लेट काढली, टोकं साफ केली, कमरेच्या हाडाचा ग्राफ्ट, नवी प्लेट.

अल्ना : हाड आणि आकार एस५२.२२१. त्या दिवशी उघडं, प्रकार २. आज नॉनयुनियन. म्हणजे एम. एस५२.२२१एम.

तुटलेली प्लेट : टी८४.११२, आज तिच्यावरच उपचार, म्हणून ए. टी८४.११२ए.

रेडियस : एस५२.३२१. त्या दिवशी बंद, आज नीट जुळतंय. डी. एस५२.३२१डी. अल्ना उघडी होती म्हणून रेडियसलाही ई लावण्याची चूक होते. प्रत्येक हाडाची जखम वेगळी मोजायची.

शिडीवरून पडणं : डब्ल्यू११, मध्ये एक्स भरून, नंतरची भेट. डब्ल्यू११.एक्सएक्सएक्सडी. इथे के किंवा एम नसतं, बाह्य कारणांना फक्त ए, डी, एस.

ऑपरेशन : २५४०५-आरटी. ग्राफ्ट काढणं आत, प्लेट काढणं आत.

आता सर्जननं ‘रेडियस अपेक्षेप्रमाणे जुळत आहे’ ऐवजी ‘रेडियस पूर्ण जुळलं, आणखी उपचार नाहीत’ असं लिहिलं असतं तर? मग एस५२.३२१डी निघून गेला असता. हवा तर झेड८७.८१, म्हणजे जुळून गेलेल्या फ्रॅक्चरचा पूर्वेतिहास. मी वर्गात हाच चार्ट देते आणि फक्त ही एक ओळ बदलून पुन्हा सोडवायला सांगते. नंतर अल्नाची जखम प्रकार ३बी करते, आणि एमचा एन होतो. मग बाजू डावी करते : अल्ना एस५२.२२२, रेडियस एस५२.३२२, प्लेट टी८४.११३, मॉडिफायर एलटी. सर्वांत शेवटी त्याला पहिल्या ११ महिन्यांत एकाही डॉक्टरकडे गेलेला नाही असं दाखवते. तेव्हा प्लेटचा कोडच उरत नाही, प्लेट कधी घातलीच नव्हती. आणि अल्नाचं अक्षर काय, हे मुलांनी तक्ता न बघता सांगायचं असतं.